राही मासूम रझा : 'महाभारता'ला संवाद देणारा गंगौलीचा लेखक

दूरदर्शनवर २ ऑक्टोबर १९८८ ते २४ जून १९९० या काळात 'महाभारत' ही मालिका प्रसारित झाली. रविवारी सकाळी देशभरातील रस्ते ओस पाडणाऱ्या या मालिकेचे संवाद डॉ. राही मासूम रझा यांनी लिहिले होते.

राही यांचा जन्म १९२७ साली उत्तर प्रदेशातील गाझीपूर जिल्ह्यात एका जमीनदार शिया कुटुंबात झाला. गंगौली हे त्यांचे गाव. बालपणीच्या दीर्घ आजारामुळे त्यांच्या पायात कायमचा अधूपणा आला. अलिगढ मुस्लिम विद्यापीठात 'तिलिस्म-ए-होशरुबा' या उर्दू कथाग्रंथावर संशोधन करून त्यांनी डॉक्टरेट मिळवली आणि तेथेच अध्यापनही केले. प्रसिद्ध भूगोलतज्ज्ञ मूनिस रझा हे त्यांचे बंधू होत.

१९६६ साली त्यांची 'आधा गाँव' ही हिंदी कादंबरी प्रसिद्ध झाली. फाळणी आणि जमीनदारी निर्मूलनाच्या काळातील गंगौलीचे चित्रण तिच्यात आहे. आपले गाव सोडून दुसऱ्या देशात का जावे, हा तेथील सामान्य मुसलमानाचा प्रश्न या कादंबरीच्या केंद्रस्थानी आहे. पात्रांच्या तोंडच्या शिव्यांमुळे १९७० च्या दशकात जोधपूर विद्यापीठाच्या अभ्यासक्रमातील तिच्या समावेशावरून वादही झाला. आज मात्र फाळणीवरील महत्त्वाच्या भारतीय कादंबऱ्यांत तिची गणना होते.

१९६० च्या दशकाच्या अखेरीस राही मुंबईत आले. चित्रपटलेखन हे उपजीविकेचे साधन असले, तरी त्यात त्यांनी हयगय केली नाही. 'मिली', 'गोलमाल', 'कर्ज' अशा भिन्न प्रकृतीच्या चित्रपटांचे संवाद त्यांचेच. 'मैं तुलसी तेरे आँगन की' (१९७८), 'तवायफ' (१९८५) आणि 'लम्हे' (१९९१) या चित्रपटांच्या संवादलेखनासाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार लाभले.

निर्माते बी. आर. चोप्रा यांनी 'महाभारता'साठी विचारले, तेव्हा राही यांनी वेळेअभावी प्रथम नकार दिला होता, असे सांगितले जाते. तरीही त्यांचे नाव जाहीर झाले आणि हिंदूंच्या महाकाव्याचे लेखन मुसलमानाकडे का, असा आक्षेप घेणारी पत्रे आली. चोप्रा यांनी ती पत्रे राही यांच्याकडे पाठवली. या देशाच्या संस्कृतीवर आपलाही तितकाच अधिकार आहे, गंगेचे आपणही पुत्र आहोत, या भावनेने त्यांनी मग हे काम स्वीकारले.

पंडित नरेंद्र शर्मा यांचे मार्गदर्शन या मालिकेला लाभले. कथा सांगणारा 'समय' आणि घराघरांत रुळलेली 'पिताश्री', 'माताश्री' ही संबोधने यांचे श्रेय राही यांना दिले जाते. उर्दूच्या या अभ्यासकाने संस्कृतप्रचुर, तरीही सर्वांना समजेल अशी हिंदी घडवली.

त्यांची 'नीम का पेड' ही मालिकाही दूरदर्शनवर गाजली. जमीनदाराच्या पदरी राबणारा बुधई आणि स्वातंत्र्यानंतर बदलत गेलेले सत्तेचे राजकारण यांची ही कथा. पंकज कपूर यांनी बुधईची भूमिका साकारली.

१५ मार्च १९९२ रोजी मुंबईत राही यांचे निधन झाले. २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने 'महाभारत' पुन्हा दाखवले, तेव्हा नव्या पिढीनेही ते संवाद आवडीने ऐकले. तीन दशकांपूर्वी पत्रांतून विचारलेल्या प्रश्नाला राही यांच्या लेखणीने दिलेले उत्तर अजूनही पुरेसे बोलके आहे.