चित्रपटाचे आद्य संकलक दादासाहेब फाळके

भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक म्हणून सर्वपरिचित असलेले धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी आपल्या नाशिक जिल्ह्यातील त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे त्यांनी शिक्षण घेतले. पुढे छायाचित्रण व मुद्रण हे व्यवसाय त्यांनी केले.

१९११ च्या सुमारास मुंबईत त्यांनी प्रभू येशूच्या जीवनावरील मूकपट पाहिला. पडद्यावरील ख्रिस्तचरित्र पाहताना आपले राम-कृष्णही असेच साकारता येतील, या विचाराने त्यांना झपाटले. दुसऱ्या खेळाला ते पत्नी सरस्वतीबाईंना घेऊन गेले. अहोरात्र चाललेल्या प्रयोगांमुळे त्यांची दृष्टी काही काळ गेली. तरीही निश्चय ढळला नाही. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ साली त्यांनी लंडन गाठले व तेथून कॅमेरा आणला.

भांडवलदारांची खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याची वाढ दिवसामागून दिवस टिपली. अनेक दिवसांची वाढ काही क्षणांत पडद्यावर दिसू लागली. आजच्या माहितीपटाचे बीज या छोट्या फितीत होते.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात प्रदर्शित झाला. सुमारे ३,७०० फूट लांबीच्या या चित्रपटाचे लेखन, दिग्दर्शन व संकलन दादासाहेबांनीच सांभाळले. त्या काळी संकलनासाठी यंत्रे नव्हती. फीत डोळ्यांसमोर धरून नको तो भाग कापायचा आणि हवे ते तुकडे एकमेकांस जोडायचे, असे ते चिकाटीचे काम होते. कोऱ्या फितीला अंधारात छिद्रे पाडणे, ती रसायनांत धुणे, संकलनास हातभार लावणे आणि शिवाय साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करणे, हा भार सरस्वतीबाईंनी वाहिला. पडद्यावर मात्र यातले काहीच दिसत नसे.

त्याच वर्षी फाळके यांनी आपले बिऱ्हाड व चित्रनिर्मिती नाशिकला हलविली. ‘लंकादहन’ (१९१७) व ‘कालिया मर्दन’ (१९१९) हे गाजलेले चित्रपट येथीलच होत. चित्रपट कसे तयार होतात, हे दाखविणारा लघुपटही त्यांनी केला. पुढे बोलपटांचे युग आले आणि ते मागे पडले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथेच, जवळजवळ विस्मृतीत, त्यांचे निधन झाले.

१९६९ पासून त्यांच्या नावे राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो व पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचे स्मारकही आहे. त्यांच्या बहुतेक फिती मात्र काळाच्या ओघात नष्ट झाल्या. ज्या थोड्या उरल्या, त्यांतील प्रत्येक जोडामागे या दांपत्याचे कष्ट आहेत. पतीच्या नावाबरोबर सरस्वतीबाईंचेही स्मरण होणे, हेच त्या कष्टांचे खरे ऋण फेडणे ठरेल.