डॉ. द्वारकानाथ कोटणीस

सोलापूर येथे १० ऑक्टोबर १९१० रोजी द्वारकानाथ शांताराम कोटणीस यांचा जन्म झाला. पुढे ते मुंबईस गेले आणि शेठ गोर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालयातून डॉक्टर होऊन बाहेर पडले. मुंबईत राहून त्यांना सुखाने व्यवसाय करता आला असता. परंतु त्यांच्या आयुष्याला निराळेच वळण लागावयाचे होते.

१९३७ साली जपानने चीनवर मोठी स्वारी केली. चीनमध्ये जखमी सैनिकांची संख्या दिवसेंदिवस वाढू लागली आणि त्यांच्यावर उपचार करण्यास डॉक्टर पुरेनात. चिनी सेनापती चू ते यांनी पंडित जवाहरलाल नेहरूंना पत्र लिहून साह्य मागितले. सुभाषचंद्र बोस त्या वेळी काँग्रेसचे अध्यक्ष होते. राष्ट्रसभेने पाच डॉक्टरांचे पथक पाठविण्याचे ठरविले. डॉ. अटल हे त्याचे प्रमुख होते. नागपूरचे डॉ. चोळकर, बंगालचे डॉ. बसू व डॉ. मुखर्जी आणि सोलापूरचे तरुण डॉ. कोटणीस हे इतर चौघे. १ सप्टेंबर १९३८ रोजी हे पथक मुंबई बंदरातून निघाले.

चीनमध्ये असतानाच कोटणिसांना वडिलांच्या निधनाची वार्ता कळली. दुःख मोठे होते. तरीही हाती घेतलेले काम टाकून ते परतले नाहीत. १९३९ च्या फेब्रुवारीत ते येनान येथे पोहोचले व रुग्णसेवेस लागले.

रणांगणावर सैनिकाचा प्राण केवळ गोळीनेच जातो असे नाही. जखमेत माती व कपड्यांच्या चिंध्या शिरतात. रस्ते नसलेल्या डोंगराळ मुलखात जखमीला डोलीतून वाहून आणण्यात दिवसामागून दिवस जातात. तेवढ्या अवधीत जखम चिघळते, तीत पू होतो, आणि साध्या जखमेचा सैनिकही दगावतो. हा धोका ओळखून उत्तर चीनच्या रणभूमीवर एक परदेशी शल्यवैद्य आधीपासूनच झटत होता. त्याचे नाव डॉ. नॉर्मन बेथ्यून. कॅनडाचा हा डॉक्टर खेचरांवर सामान लादून थेट आघाडीजवळ जाई व तेथेच शस्त्रक्रिया करी. १९३९ च्या एप्रिलमधील एका लढाईत त्याने ६९ तासांत ११५ जखमींवर शस्त्रक्रिया केल्या होत्या.

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरअखेर शस्त्रक्रिया करताना बेथ्यून यांचे बोट कापले. हातांत रबरी मोजे नव्हते. जखम अगदी लहान होती; म्हणून त्यांनी काम थांबविले नाही. पुढे चार-पाच दिवसांनी त्यांनी जंतुदोषाने ग्रासलेल्या एका सैनिकावर शस्त्रक्रिया केली. त्यानंतर बोट सुजले, ठणकू लागले. बोट चिरून पू काढण्यात आला. पण ताप चढतच गेला. थंडी वाजू लागली, उलट्या होऊ लागल्या, अंगात त्राण उरले नाही. हात कापून काढण्याचाही विचार झाला. परंतु दोष आता हातापुरता राहिला नव्हता, तो रक्तात पसरला होता. १२ नोव्हेंबर १९३९ च्या पहाटे, वयाच्या अवघ्या एकोणपन्नासाव्या वर्षी, एका खेड्यात बेथ्यून यांनी देह ठेवला. असंख्य जखमींना वाचविणारा डॉक्टर एका बोटाच्या जखमेने गेला!

या विकारास वैद्यकात सेप्सिस म्हणतात. जंतू शरीरात शिरले की शरीर त्यांच्याशी लढू लागते. एरवी ही लढाई जखमेच्या आसपासच चालते. परंतु कधी कधी ती आवाक्याबाहेर जाते. आपले रक्षण करणारी शक्तीच बेफाम होऊन हृदय, फुप्फुसे, मूत्रपिंडे अशा आपल्याच अवयवांना इजा करू लागते. सलाईन देऊनही रक्तदाब सावरेनासा झाला व अवयवांना पुरेसे रक्त मिळेनासे झाले, की प्राणसंकट ओढवते. त्या अवस्थेस सेप्टिक शॉक हे नाव आहे.

बेथ्यून यांची रिकामी झालेली जागा भरून काढणे सोपे नव्हते. १९४० साली कोटणीस त्याच डोंगराळ रणभूमीवर दाखल झाले. त्या वर्षीच्या घनघोर लढाईत तेरा दिवसांत त्यांच्यापुढे आठशेहून अधिक जखमी आले. एकदा तर ते सलग ७२ तास शस्त्रक्रिया करीत उभे होते. जानेवारी १९४१ मध्ये त्यांना बेथ्यून यांच्या नावाने चालविलेल्या आंतरराष्ट्रीय शांती रुग्णालयाचे प्रमुख नेमण्यात आले. ते चिनी भाषा शिकले, त्या भाषेत विद्यार्थ्यांना शिकवू लागले व शस्त्रक्रियेवर पाठ्यपुस्तकही लिहू लागले. स्वतः कितीही जखमी तपासले तरी एकट्याचे बळ अपुरे पडणार, हे त्यांनी जाणले होते. परिचारिकांच्या शिक्षिका कुओ छिंगलान यांच्याशी त्यांचा विवाह झाला. १९४२ च्या ऑगस्टमध्ये त्यांना पुत्र झाला. त्याचे नाव ठेवले यिनहुआ. यिन म्हणजे भारत आणि हुआ म्हणजे चीन.

अतिश्रमांनी कोटणिसांची प्रकृती खालावत गेली. त्यांना अपस्माराचे झटके येऊ लागले. विश्रांती घेण्याचा आग्रह झाला, पण त्यांनी काम सोडले नाही. ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. पथकातील इतर चौघे मायदेशी परतले. कोटणीस मात्र चीनच्याच भूमीत विसावले. शिज्याच्वांग शहरातील हुतात्म्यांच्या स्मशानभूमीत बेथ्यून व कोटणीस या दोघांच्याही समाध्या आहेत.

बेथ्यून गेले तेव्हा पेनिसिलिन हे औषध म्हणून कोणालाच मिळत नव्हते. १९४१ च्या फेब्रुवारीत इंग्लंडमधील ऑक्सफर्ड येथे जंतुदोषाने खंगलेल्या एका पोलीस शिपायाला ते टोचण्यात आले. तो झपाट्याने सुधारू लागला. पण औषध संपले आणि तोही गेला. पुढे हे औषध विपुल होऊ लागले. १९५४ साली आपल्याकडे पुण्याजवळ पिंपरी येथे अशी औषधे बनविणारी सरकारी कंपनी स्थापन झाली.

परंतु औषध असणे आणि ते वेळेवर मिळणे या दोन गोष्टी आहेत. लोणंदच्या परिसरात कांदा काढताना विळा लागतो, पायात काटा मोडतो, वारीत चालून पायांना फोड येतात. अशी जखम स्वच्छ पाण्याने व साबणाने धुवावी आणि झाकून ठेवावी. तिच्यावर माती, शेण किंवा हळदीचा लेप देऊ नये. सेप्सिस केवळ जखमेतूनच होतो असेही नाही. फुप्फुसांच्या, पोटाच्या किंवा लघवीच्या जंतुदोषातूनही तो होतो. अशा आजाऱ्याला थंडी वाजून ताप आला, किंवा उलट अंग गार पडले. श्वास व नाडी जलद चालू लागली. तो असंबद्ध बोलू लागला किंवा ग्लानीत गेला. लघवी फारच कमी झाली. कातडी निळसर वा डागाळलेली दिसू लागली, तर घरी थांबू नये. १०८ क्रमांकावर दूरध्वनी करून रुग्णवाहिका बोलवावी व सेप्सिसची शंका डॉक्टरांना स्पष्ट सांगावी. रुग्णालयात शिरेतून प्रतिजैविके व सलाईन देतात, पू साठला असल्यास काढतात, रक्तदाब राखणारी औषधे देतात. सेप्टिक शॉक असल्यास तासाभराच्या आत प्रतिजैविके सुरू व्हावी लागतात.

रोगी घरी आला म्हणजे सारे संपले असे मानू नये. कित्येक आठवडे, कधी महिनेही, अशक्तपणा राहतो. झोप लागत नाही, गोष्टी आठवत नाहीत. त्यास आळशी म्हणू नये. थोडे थोडे चालणे, पौष्टिक अन्न व घरच्यांचा धीर यांनी तो सावरतो.

बेथ्यून आणि कोटणीस यांना जे औषध लाभले नाही, ते आज आपल्यापाशी आहे. घरातील आजाऱ्याच्या श्वासाकडे व बोलण्याकडे लक्ष ठेवून वेळेवर मोठ्यांना हाक मारणे, एवढे काम तर मुलांनाही करता येते.