गांधीजींच्या चित्रफितींसाठी जग पालथे घालणारे ए. के. चेट्टियार

महात्मा गांधींची चालती-बोलती छबी आज दूरचित्रवाणीवर सहज पाहावयास मिळते. एके काळी मात्र ही दृश्ये देशोदेशी विखुरलेली होती. ती शोधून एका माहितीपटात गुंफण्याचे भगीरथ कार्य तमिळ पत्रकार व प्रवासवर्णनकार ए. के. चेट्टियार यांनी केले.

चेट्टियार यांचा जन्म १९११ मध्ये तमिळनाडूतील चेट्टिनाड भागातील कोट्टैयूर येथे झाला. तरुणपणी त्यांनी ब्रह्मदेशात एका तमिळ नियतकालिकाचे संपादन केले. पुढे टोकियो आणि न्यूयॉर्क येथे त्यांनी छायाचित्रणकलेचे शिक्षण घेतले. २ ऑक्टोबर १९३७ रोजी, गांधीजयंतीच्या दिवशी, न्यूयॉर्कहून डब्लिनकडे निघालेल्या जहाजावर गांधीजींच्या जीवनावर माहितीपट काढण्याची कल्पना त्यांना सुचली. तेव्हा त्यांनी वयाची तिशीही गाठली नव्हती.

संकल्प मोठा होता आणि साधने तुटपुंजी. गांधीजींचे चित्रीकरण निरनिराळ्या देशांतील वृत्तपट कंपन्यांनी व हौशी मंडळींनी केले होते. त्याची एकत्रित सूची कोठेही नव्हती. त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेणारी आणि काळाच्या ओघात विरून जाणारी होती. त्यामुळे जुने रीळ वेळीच हाती न आल्यास त्यातील प्रसंग कायमचा नाहीसा होण्याचे भय असे. चेट्टियार यांनी सुमारे एक लाख मैलांचा प्रवास केला. तीस वर्षांच्या कालखंडात सुमारे शंभर छायाचित्रकारांनी टिपलेली ५०,००० फूट चित्रफीत त्यांनी जमविली आणि त्यातून सुमारे १२,००० फुटांचा माहितीपट सिद्ध केला.

१९४० मध्ये, दुसरे महायुद्ध सुरू असताना, तो तमिळ निवेदनासह प्रदर्शित झाला. त्यानंतर तेलुगू आणि स्वातंत्र्याच्या सुमारास हिंदी आवृत्ती निघाली. १९५३ मध्ये अमेरिकेत इंग्रजी आवृत्ती प्रदर्शित झाली.

माहितीपटानंतर चेट्टियार यांनी ‘कुमरि मलर’ या तमिळ मासिकास वाहून घेतले. जुन्या, दुर्मीळ लेखनाचा शोध घेऊन ते वाचकांपुढे ठेवण्याचा त्यांचा ध्यास तेथेही कायम राहिला. प्रसिद्धीपासून ते कटाक्षाने दूर राहिले. १९८३ मध्ये त्यांचे निधन झाले.

इतरांनी टिपलेली दृश्ये विस्मृतीतून वाचविणाऱ्या चेट्टियार यांची स्वतःची कलाकृती मात्र जपली गेली नाही. मूळ तमिळ आवृत्तीचा दीर्घकाळ मागमूस लागला नाही. इंग्रजीतील संक्षिप्त आवृत्ती या शतकाच्या पहिल्या दशकात अमेरिकेत सापडली. दृश्ये जमविण्याइतकेच ती जतन करणेही निकडीचे असते, याची जाणीव त्यांच्या कार्याची ही कहाणी करून देते.