आईचे गाव

हिराबाई बडोदेकर जन्मल्या १९०५ साली, मिरजेत. आडनाव मात्र आमच्या गावचे. त्याचे कारण त्यांच्या जन्माआधीच घडून गेले होते. किराण्याचे अब्दुल करीम खाँ बडोदे दरबारी गात असता सरदार घराण्यातील ताराबाई माने त्यांच्यापाशी शिकू लागल्या आणि पुढे दोघांनी बडोदे सोडून संसार थाटला.

संसारात पाच मुले, शिवाय शिष्य. खाँसाहेबांच्या आर्य संगीत विद्यालयात विद्यार्थी तेथेच राहत, तेथेच जेवत. खाँसाहेबांच्या स्वराविषयी सगळेच लिहितात. एवढी पाने दोन्ही वेळा कशी निघत असतील, हा विचार राहून जातो. आमचेही घर दरबारी गवयाचे. पहाटे वडील शिष्यांचा षड्ज लावून घेत, तेव्हा आई सर्वांचा चहा करीत असे. तिचा गळा गोड होता. तिला तंबोऱ्यापाशी कोणी बसविले नाही. मी गाणे शिकवतो, पण मीही नाही.

म्हणूनच १९२२ सालाशी मी थबकतो. त्या साली ताराबाई मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या. मुलांची नावेही पालटली. अब्दुल रहमानचे सुरेश झाले, चंपाकलीचे हिरा, गुलाबचे कमला, सकीनाचे सरस्वती. कमावता माणूस दुरावला, लोकांची तोंडे सुटली असणारच. पण गाणे घरातून गेले नाही. थोरल्या सुरेशबाबूंनी बहिणींना शिकविले. हिराबाईंना किराण्याच्याच अब्दुल वहीद खाँची तालीम मिळाली. मुलगे आईचे माने हे आडनाव लावू लागले. हिराबाईंनी आईचे गाव लावले. ज्या गावातून आईला निघावे लागले तेच! आम्ही बडोदेकर या नावाचा अभिमान मिरवतो खरा, पण त्यात आमचा वाटा किती?

घरंदाज बाईने तिकीट लावून मैफल करणे भल्याभल्यांना खपत नसे, त्या काळात हिराबाई तशा मैफली करू लागल्या. घरची नाटक मंडळी काढली, तीतही भावंडे एकत्र होती. पुढे सरस्वतीबाई राणे थोरल्या बहिणीशेजारी बसून जुगलबंदी गाऊ लागल्या. दोघींनी एकाच घरात, एकाच भावाकडून घेतलेले गाणे ते.

सुरेशबाबू १९५३ साली वारले. त्यांच्याकडे शिकणाऱ्या प्रभा अत्रे यांचे शिक्षण तेव्हा अर्धेच झाले होते. ते हिराबाईंनी पुढे चालविले.