कमलाबाई गोखले : अभिनयाच्या चार पिढ्यांचा आधारवड

भारतीय चित्रपटाच्या जन्मकाळी पडद्यावर वावरलेल्या पहिल्या स्त्रियांमध्ये कमलाबाई गोखले यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. 1900 साली जन्मलेल्या कमलाबाईंना अभिनयाचा वारसा मिळाला तो आई दुर्गाबाई कामत यांच्याकडून. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाईंनी मुलीला वाढवण्यासाठी फिरत्या नाटक मंडळीचा रस्ता धरला होता. मराठी रंगभूमीवर पुरुषांनीच स्त्रीभूमिका करण्याचा तो काळ. कुलीन घरातील स्त्रीने तोंडाला रंग लावणे म्हणजे समाजाचा रोष ओढवून घेणे होते. दुर्गाबाईंनी तो रोष पत्करला. त्यामुळे चार-पाच वर्षांच्या कमलाबाईंचे बालपण रंगभूमीवरच सुरू झाले.

दादासाहेब फाळके यांना 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटासाठी प्रयत्न करूनही अभिनेत्री मिळाली नाही आणि तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या तरुणाने केली. मात्र त्यानंतरच्या 'मोहिनी भस्मासुर' (1913) या चित्रपटात फाळके यांना दोन अभिनेत्री लाभल्या, त्याही एकाच घरातल्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या, तर जेमतेम तेरा वर्षांच्या कमलाबाई मोहिनी. आपल्या नृत्याने भस्मासुराला भुलवणाऱ्या मोहिनीची भूमिका पडद्यावर प्रथमच एका मुलीने साकारली.

पुढे कमलाबाईंचा विवाह गायक नट रघुनाथराव गोखले यांच्याशी झाला. एकेकाळी रघुनाथराव स्वतः स्त्रीभूमिका करीत असत. या दांपत्याने गोखले बंधूंच्या चित्ताकर्षक नाटक मंडळीत एकत्र काम केले. मात्र हा संसार अल्पकाळच टिकला. कमलाबाई पंचविशीत असतानाच रघुनाथरावांचे निधन झाले. दोन मुले पदरात होती आणि तिसरे व्हायचे होते.

विधवेने घराच्या कोपऱ्यात आयुष्य काढावे, अशी त्या काळची रीत होती. कमलाबाईंनी मात्र रंगभूमी सोडली नाही. एका पिढीपूर्वी आईने निवडलेलाच मार्ग त्यांनीही निवडला आणि नाटकाच्या मिळकतीवर घर चालवले. रंगमंचावर त्यांनी पुरुष भूमिकाही केल्या. ज्या रंगभूमीने स्त्रीची जागा पुरुषाला दिली होती, तिथेच एक स्त्री पुरुषपात्र रंगवून मुलांना वाढवीत होती. नाटकांबरोबरच सुमारे 35 चित्रपटांतूनही त्यांनी काम केले. 1980 साली प्रदर्शित झालेला 'गहराई' हा त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला.

या कष्टांतून घडलेले तिन्ही पुत्र कलेच्याच क्षेत्रात नावारूपाला आले. थोरले चंद्रकांत गोखले (1921-2008) मराठी रंगभूमी आणि चित्रपटांतील ज्येष्ठ अभिनेते म्हणून ओळखले गेले. लालजी आणि सूर्यकांत यांनी तबलावादनात लौकिक मिळवला. चंद्रकांत यांचे पुत्र विक्रम गोखले यांनी हा वारसा हिंदी चित्रपट आणि दूरचित्रवाणीपर्यंत नेला. 'अनुमती' या मराठी चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 2022 मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले.

गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकात रीना मोहन यांनी 'कमलाबाई' हा माहितीपट तयार केला. त्यामुळे वयोवृद्ध कमलाबाईंची जीवनकथा नव्या पिढीसमोर आली. पुण्यात त्यांची प्राणज्योत मालवली. दुर्गाबाईंनी समाजाचा विरोध सोसून धरलेली वाट कमलाबाईंनी ऐन संकटात सोडली असती, तर गोखले घराण्याचे नाव रंगभूमीच्या इतिहासात एका पिढीपुरतेच राहिले असते.