मजल दरमजल : सरफोजीराजे भोसले यांची जीवनयात्रा

तंजावूरचा राजवाडा पाहावयास गेलेला मराठी माणूस तेथील पांढऱ्या संगमरवरी पुतळ्यापाशी थांबल्यावाचून राहत नाही. हा पुतळा दुसऱ्या सरफोजीराजांचा. तमिळ लोक त्यांना शरभोजी म्हणतात. या राजाने एकही लढाई जिंकली नाही, एक गावही राज्यास जोडले नाही. उलट त्यांच्याच कारकीर्दीत राज्याचा कारभार इंग्रजांच्या हाती गेला. असे असूनही व्यंकोजीराजांनी १६७६ च्या सुमारास स्थापिलेल्या या राज्याच्या सर्व राजांत आज सर्वाधिक आदराने घेतले जाणारे नाव त्यांचेच आहे. हे कसे घडले, याचा विचार करणे आपणा परमुलखात संसार थाटलेल्या मराठी कुटुंबांस उपयोगाचे ठरेल.

हा विचार करताना एक दूरचा दृष्टान्त घेतो. मुंबई–पुणे सायकल शर्यतीत बोरघाट सर्वांआधी चढणाऱ्यास घाटाचा राजा हा किताब मिळतो, हे आपण जाणतो. परंतु घाटाचा राजा शर्यतही जिंकेलच असे नाही. या शर्यतींची थोरली बहीण म्हणजे फ्रान्सची तूर द फ्रान्स. १९०३ साली एका वृत्तपत्राचे संपादक आंरी देग्रांज यांच्या पुढाकाराने ती सुरू झाली. सुमारे २,४०० किलोमीटरचा मार्ग सहा टप्प्यांत विभागला होता. ६० स्वार निघाले आणि २१ शेवटास पोहोचले. त्यांत पहिला आला तो पूर्वी धुराडी साफ करण्याचे काम केलेला मोरिस गारँ. आज ही शर्यत २१ टप्प्यांची असते आणि आठ-आठ स्वारांचे संघ तीत उतरतात. संघातील बहुतेक स्वार स्वतःच्या विजयासाठी धावतच नाहीत. ते वारा अंगावर घेतात, नायकाला आपल्या आडोशाने चालू देतात, पाण्याच्या बाटल्या पोहोचवितात, प्रसंगी आपले चाकही काढून देतात. फ्रेंच भाषेत त्यांना जे नाव आहे, त्याचा अर्थ घरगडी असा होतो.

या शर्यतीचा निकाल मात्र कोणत्याही एका टप्प्यावर लागत नाही. सर्व टप्प्यांच्या वेळेची बेरीज करितात आणि ज्याची बेरीज सर्वांत कमी तो विजयी. १९५६ साली रोजे वाल्कोविआक नावाच्या, फारशा कोणास ठाऊक नसलेल्या स्वाराने एकही टप्पा न जिंकता ही शर्यत जिंकली. टीकाकारांनी त्याची हेटाळणी केली आणि ते शल्य त्यास दीर्घकाळ बोचत राहिले. परंतु बेरीज कोणास नाकारता आली नाही. सरफोजीराजांचे आयुष्य मला या जातीचे वाटते.

त्यांचा जन्म २४ सप्टेंबर १७७७ रोजी भोसले घराण्याच्या एका शाखेत झाला. तुळजाजीराजांस वारस उरला नव्हता, म्हणून त्यांनी १७८७ मध्ये या बालकास दत्तक घेतले आणि त्याच वर्षी ते निवर्तले. मृत्यूपूर्वी त्यांनी मुलाची काळजी वाहण्याची विनंती ख्रिस्तियन फ्रेडरिक श्वार्त्स या जर्मन धर्मोपदेशकास केली होती. पुढे दत्तविधान अशास्त्रीय ठरविण्यात आले आणि तुळजाजींचे सावत्र बंधू अमरसिंह गादीवर बसले. दहा वर्षांचा सरफोजी राजपुत्र असूनही बंदिवानासारखा दिवस काढू लागला. शिक्षणाची आबाळ झाली. श्वार्त्स यांच्या खटपटीमुळे १७९३ मध्ये त्यांची रवानगी मद्रासेस झाली आणि तेथे गेरिके या दुसऱ्या जर्मन पाद्रीच्या देखरेखीखाली त्यांचे अध्ययन मार्गी लागले. पहिला टप्पा असा पराभवाचा गेला. परंतु त्या पराभवातच इंग्रजी भाषेची आणि युरोपीय शास्त्रांची गोडी लागली. या सहवासातही राजांनी आपला धर्म आणि आचार सोडला नाही, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

दत्तकाच्या प्रश्नाचा पंडितांकडून फेरविचार झाला, दत्तविधान ग्राह्य ठरले आणि जून १७९८ मध्ये सरफोजी गादीवर आले. हे पाहावयास श्वार्त्स उरले नव्हते. त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत त्यांचे देहावसान झाले होते. राजांनी त्यांच्या स्मरणार्थ इंग्लंडचे विख्यात शिल्पकार जॉन फ्लॅक्समन यांजकडून संगमरवरी शिल्प करवून घेतले. त्यात मृत्युशय्येवरील गुरूच्या शेजारी स्वतः राजे उभे आहेत. तंजावूरच्या किल्ल्यातील प्रार्थनामंदिरात ते आजही पाहावयास मिळते.

गादी मिळाली, पण राज्य राहिले नाही. २५ ऑक्टोबर १७९९ च्या तहाने मुलुखाचा सर्व कारभार ईस्ट इंडिया कंपनीकडे गेला. राजांकडे किल्ला व लगतचा परिसर, वर्षाकाठी एक लाख होन आणि निव्वळ वसुलाचा पाचवा हिस्सा एवढेच उरले. राजांचे वय तेव्हा बावीस वर्षांचे होते. या तहाबद्दल त्यांना दोष देणारे आहेत. श्रीरंगपट्टणास टिपूचा पाडाव त्याच वर्षी झाला होता आणि दक्षिणेत कंपनीस अडविणारी शक्ती उरली नव्हती, हे विसरून तो दोष देता येणार नाही. तरीही शिवछत्रपतींच्या धाकट्या बंधूच्या वंशजाने तलवार म्यान करावी, हे मराठी मनास खुपते, हेही खरे. या टप्प्यावर राजे हरले. प्रश्न एवढाच की, उरलेल्या वाटेवर त्यांनी काय केले.

त्यांची पहिली धडपड छत्रांसाठी होती. तंजावूरच्या मुलुखातून रामेश्वराकडे जाणाऱ्या वाटेवर त्यांच्या पूर्वजांनी ठिकठिकाणी अन्नछत्रे बांधली होती. त्यांपैकी पुष्कळांना राजघराण्यातील स्त्रियांची नावे होती. उत्तरेकडून पायी येणारा यात्रेकरू या छत्रांच्या आधारानेच समुद्रापर्यंत पोहोचे. कारभाराबरोबर छत्रेही कंपनीकडे जातील अशी चिन्हे दिसताच राजांनी १८०१ मध्ये रेसिडेंटास सविस्तर पत्र पाठविले. या ठिकाणी सर्व जातींच्या वाटसरूंना अन्न मिळते, आजाऱ्यांची शुश्रूषा होते, अनाथ मुलांना आश्रय व शिक्षण मिळते, असे त्यात मांडून छत्रे आपल्याकडे ठेवण्याची विनवणी त्यांनी केली. ओरत्तनाडू येथे मुक्तांबाळच्या नावे त्यांनी स्वतः नवे छत्र उभारले आणि तेथे पाठशाळाही चालविली. राज्य सुटले, तरी वाटसरूचा मुक्काम सुटू नये, अशी ही दृष्टी होती.

दुसरी धडपड विद्येची. राजवाड्यात नायक राजांच्या काळापासून पोथ्यांचे भांडार होते. राजांनी त्यास खऱ्या ग्रंथालयाचे रूप दिले. संस्कृत, तमिळ, तेलुगू व मराठी हस्तलिखितांशेजारी युरोपातून मागविलेली छापील पुस्तके, नकाशे आणि चित्रे विराजू लागली. नवविद्याकलानिधी या नावाने शाळा उघडल्या गेल्या आणि देवनागरी खिळ्यांचा छापखाना आला. त्या छापखान्यातून १८०६ मध्ये इसापाच्या गोष्टींचे बालबोध मुक्तावली हे मराठी भाषांतर छापून निघाले. पुण्यात पेशवाई नांदत होती आणि छापील मराठी पुस्तक ही तेथे अपूर्वाईची वस्तू होती, त्या वेळी कावेरीकाठची मुले इसाप मराठीत वाचू शकत होती. तत्पूर्वी १८०३ मध्ये राजांनी भोसले वंशाचा इतिहास बृहदीश्वराच्या मंदिरात दगडी भिंतीवर मराठीत कोरविला होता. सभोवती सर्व व्यवहार तमिळचा, तरी आपल्या घराण्याची कथा त्यांनी आपल्या भाषेत लिहून ठेविली.

धन्वंतरी महालात देशी वैद्य आणि पाश्चात्त्य वैद्यकाचे जाणकार एकत्र काम करीत. डोळ्यांच्या रोग्यांची टिपणे रोगाच्या रंगीत चित्रांसह तेथे ठेवली जात. आजच्या नेत्रतज्ज्ञांनीही ती कुतूहलाने अभ्यासिली आहेत. अनुभवास उतरलेली औषधे तमिळ पद्यांत ग्रथित करण्यात आली, कारण ज्यांना ती वापरावयाची त्यांची भाषा तमिळ होती. भरतनाट्याच्या कचेरीस आजचा क्रम देणारे पोन्नय्या, चिन्नय्या, शिवानंदम् आणि वडिवेलू हे चार बंधू याच दरबाराच्या आश्रयाने वाढले. कर्नाटक संगीतात व्हायोलिन रुजविण्यात ज्यांचा वाटा मानला जातो, ते वरहप्पय्या राजांच्या पदरी होते. पंडित, वैद्य, चितारी, लेखनिक, नट्टुवनार यांचा हा एक संघच होता. राजांचे थोरपण असे की, त्यांनी या संघात तमिळ, तेलुगू, मराठी, जर्मन असा भेद केला नाही.

आणि मग आली काशीयात्रा. १८२० मध्ये, वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी, राजे त्रिस्थळीच्या यात्रेस निघाले आणि १८२२ पर्यंत ती यात्रा चालली. त्यांच्यासमवेत सुमारे तीन हजार माणसे होती. तंजावूरहून काशी आजच्या सडकांनीही दोन हजार किलोमीटरांहून दूर आहे. आगगाडी भारतात आलेली नव्हती, मोठमोठ्या नद्यांवर पूल नव्हते. अशा वाटेवर एवढ्या समुदायाचे अन्न, पाणी, निवारा आणि आजारपण रोजच्या रोज निभावणे हे सैन्याच्या कूचाइतकेच कठीण. येथे शर्यत नव्हती, घड्याळ नव्हते. परंतु टप्प्यांचे शास्त्र तेच होते. आजची मजल कितीही चांगली झाली, तरी उद्याच्या मुक्कामाची तजवीज नसेल तर सर्व फुकट. नायकाने सर्वांच्या पुढे धावून चालत नाही. सर्वांत मागे असलेला माणूस मुक्कामास पोहोचेपर्यंत दिवस संपत नाही. वाटेत ठिकठिकाणी राजांनी दानधर्म केला, तीर्थस्थानांच्या जीर्णोद्धारास हातभार लावला. आपल्या मुलुखात उत्तरेच्या यात्रेकरूंसाठी ज्यांनी छत्रे राखली, तेच आता उत्तरेत यात्रेकरू झाले होते.

सामान्य यात्रेकरू काशीहून गंगाजल आणतो. राजांनी त्याबरोबर पोथ्या आणल्या. काशीच्या पंडितांच्या संग्रहांतून संस्कृत हस्तलिखिते विकत घेऊन त्यांनी ती तंजावुरास नेली आणि घाटांची चित्रे काढवून घेतली. ज्या हातांनी त्या पोथ्या बांधल्या, पावसापासून जपल्या, नद्यांच्या पार उतरविल्या, त्यांची नावे राजांच्या नावासारखी कोणाच्या ओठी नाहीत. त्यांनी वारा अंगावर घेतला, म्हणून राजांचे नाव पुढे गेले. आज सरस्वती महालात चाळीस हजारांहून अधिक हस्तलिखिते आहेत. त्यांतील प्रत्येक काशीची पोथी म्हणजे राजांइतकीच त्या अनाम सोबत्यांचीही खूण आहे.

७ मार्च १८३२ रोजी राजांनी देह ठेविला. त्यांचे पुत्र शिवाजीराजे १८५५ मध्ये पुत्रावाचून वारले आणि कंपनीने तंजावूरचे राज्य खालसा केले. किल्ला, फौजफाटा, होन, सगळे गेले. मागे राहिले ते ग्रंथालय. १९१८ मध्ये ते सर्वांसाठी खुले झाले आणि आज राजांच्याच नावाने ओळखले जाते. ज्या वस्तूंवरून तह होतात त्या टिकल्या नाहीत. ज्यांची तहात नोंदही नव्हती, त्या टिकल्या. वाल्कोविआकप्रमाणेच या राजाच्या नावे एकाही टप्प्याचा जय नाही. बेरीज मात्र त्यांच्या बाजूची आहे.

बदलीच्या नोकरीत आयुष्य काढलेल्या माझ्यासारख्या माणसास या चरित्राचा एक वेगळा आधार वाटतो. आपणही मुक्कामामागून मुक्काम करीत येथवर आलो. आपल्या हाती सत्ता नाही, या प्रांताची भाषा आपली नाही आणि आपल्या मुलांच्या तोंडी मराठी किती राहील, याची चिंता प्रत्येक घरात आहे. सरफोजीराजांनी ही चिंता रडत बसून सोडविली नाही. त्यांनी लोकांचे औषध तमिळमध्ये दिले आणि मुलांची गोष्ट मराठीत छापली. दोन्ही भाषांचे ऋण एकाच घरात फेडता येते, हे त्यांनी करून दाखविले.

आपल्या मंडळाची पन्नास वर्षेही अशाच टप्प्यांची आहेत. कार्याध्यक्षांची नावे फलकावर आहेत. गणेशोत्सवात सतरंज्या उचलणारे, वर्गणीसाठी घरोघर फिरणारे, वाचनालयाच्या पुस्तकांना कव्हरे घालणारे हात फलकावर नाहीत. सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने त्यांतील हयात असलेल्यांना भेटून त्यांची नावे आणि आठवणी मंडळाच्या दप्तरात नोंदवून ठेवाव्यात, अशी माझी कार्यकारिणीस विनंती आहे. आणि दक्षिणेच्या यात्रेत ज्यांचा मुक्काम तंजावुरास पडेल, त्यांनी मोठ्या देवळाचे दर्शन झाल्यावर मुलांना घेऊन त्या भिंतीवरील मराठी अक्षरे अवश्य पाहावीत. वाचणारा आला, तर ती आजही बोलतात.