प्रशासक हाउसमान आणि पॅरिसचा जमाखर्च

पॅरिसच्या रुंद, सरळ हमरस्त्यांचे श्रेय ज्यांना दिले जाते ते बॅरन हाउसमान अभियंते नव्हते, वास्तुरचनाकारही नव्हते. १८०९ मध्ये पॅरिसमध्येच जन्मलेले हाउसमान कायद्याचे शिक्षण घेऊन १८३१ मध्ये प्रशासनात शिरले आणि दोन दशके जिल्ह्याजिल्ह्यांतून बदल्या स्वीकारीत राहिले. जून १८५३ मध्ये सम्राट तिसऱ्या नेपोलियनने त्यांना सेन प्रांताचे प्रीफेक्ट, म्हणजे राजधानीचे मुख्य प्रशासक नेमले.

पुढील साडेसोळा वर्षांत कोंदट गल्ल्या पाडून हमरस्ते निघाले. पाणीपुरवठा व भुयारी गटारे त्यांनी बेलग्रां या अभियंत्याकडे, तर उद्याने आल्फां यांच्याकडे सोपविली. १८६० मध्ये लगतची उपनगरे शहरात सामावली आणि प्रभाग १२ चे २० झाले. पाडलेल्या वस्त्यांतील श्रमिकांना मात्र वाढती भाडी परवडेनात. ते शहराच्या कडेला लोटले गेले.

पॅरिसचे नगरमंडळ निर्वाचित नव्हते, सम्राटनियुक्त होते. त्यामुळे विस्थापितांचे गाऱ्हाणे मांडण्यास तेथे जागा नव्हती. विरोधकांना हाताशी सापडला तो जमाखर्च. विधिमंडळाच्या संमतीवाचून उभारलेल्या कर्जांवर ज्यूल फेरी यांनी १८६८ मध्ये पुस्तिका काढून टीकेची झोड उठविली. जानेवारी १८७० मध्ये उदारमतवादी मंत्रिमंडळ सत्तेवर येताच सम्राटाने हाउसमान यांना दूर केले. त्याच वर्षी साम्राज्यही कोसळले.

१८९१ मध्ये हाउसमान निवर्तले. ऑपेराकडे जाणारा त्यांचा हमरस्ता मधल्या काळात प्रजासत्ताकानेच पूर्ण केला होता. योजना नव्या राजवटीने स्वीकारली. लोकप्रतिनिधींना हिशेब न देण्याची रीत मात्र त्यांच्या अधिकारपदावर बेतली. राजधानीचे नियोजन करणाऱ्या अधिकाऱ्यांनी त्यांच्या चरित्रातून घ्यावयाचा बोध हाच आहे.